पुलं सिनेमात चुकून गेले नव्हते

८ नोव्हेंबर आणि १२ जून या दोन तारखांना महाराष्ट्रातल्या कुठल्याही गावात पुलंवर कार्यक्रम ठेवा, निवेदकाच्या हातातला कागद साधारण एकच असतो. जन्म १९१९, मुंबई. मग पार्ले, पेटी, बालगंधर्वांचं वेड. त्यानंतर एका दमात, ‘काही काळ ते चित्रपटसृष्टीतही वावरले, ‘गुळाचा गणपती’ हा ‘सबकुछ पुलं’ चित्रपट त्यांनी केला, पण तिथे त्यांचं मन रमलं नाही.’ या वाक्याला पूर्णविराम पडतो न पडतो तोच ‘बटाट्याची चाळ’ सुरू होते. मनमाडला हे ऐकलं, येवल्याला ऐकलं, नांदगावला ऐकलं. पुण्यामुंबईच्या गौरव-अंकांतही निराळं काही नसतं. तिथे ‘वावरले’च्या जागी ‘मुशाफिरी’ येते, एवढाच काय तो फरक.

हे वाक्य चुकीचं आहे. त्यातली एकेक माहिती बरोबर असूनही चुकीचं आहे, म्हणून तर ते इतकी वर्षं टिकलं.

खंडन करायचं तर समोरच्याचं म्हणणं आधी त्यालाही पटेल अशा रीतीनं मांडावं, ही आपल्याकडची जुनी शिस्त. तेव्हा पूर्वपक्ष असा: पुलं मुळात साहित्याचे आणि रंगभूमीचे. चित्रपट हा पोटापाण्याचा उद्योग. त्यातले बरेच चित्रपट आज कुणाच्या ध्यानात नाहीत. १९५३ साली ‘गुळाचा गणपती’ झाला आणि पुलं त्या मायानगरीला विटून बाहेर पडले. आणि बाहेर पडल्यावर बघा काय काय झालं! १९५७ ला ‘तुझे आहे तुजपाशी’, १९५८ ला ‘बटाट्याची चाळ’, १९६० ला ‘अपूर्वाई’, पाठोपाठ ‘व्यक्ती आणि वल्ली’ आणि तिला साहित्य अकादमीचा पुरस्कार. म्हणजे सिनेमा सुटला म्हणून पुलं हाती लागले. या बाजूकडे पुरावाही आहे. १९५३ नंतर पुलं चित्रपटाचे नायक झाले नाहीत. शिवाय ‘व्यक्ती आणि वल्ली’तली काही माणसं चाळीसच्या दशकातच ‘अभिरुची’ मासिकात येऊन गेली होती, तेव्हा लेखक सिनेमाच्या आधीपासूनच होता, असंही म्हणता येतं. मला हा युक्तिवाद कच्चा वाटत नाही. तो अपुरा वाटतो, आणि एका ठिकाणी तर चक्क उलटा.

आधी तो ‘काही काळ’ किती आणि कसा, ते पाहू. १९४७ साली मो. ग. रांगणेकरांच्या ‘कुबेर’मध्ये पुलं पडद्यावर आले, गायलेही. १९४८ ला शांताराम आठवल्यांचा ‘भाग्यरेखा’, त्यात शांता आपटे. त्याच वर्षी राम गबाल्यांचा ‘वंदे मातरम्’, त्यात पुलं आणि सुनीताबाई दोघंही. १९५० मध्ये राजा परांजप्यांचा ‘पुढचं पाऊल’, समोर हंसा वाडकर. त्या पुढेमागे आणखी किती तरी: कुठे पटकथा-संवाद, कुठे संगीत, कुठे भूमिका, कुठे हे सगळं एकदम. शेवटी १९५३ मध्ये ‘देवबाप्पा’चं संगीत आणि ‘गुळाचा गणपती’. अठ्ठाविसाव्या वर्षापासून चौतिसाव्यापर्यंत. माणूस ज्या वयात घडतो, हात बसवतो, कशात आपली ताकद आहे ते ओळखतो, ती ही वर्षं. या वर्षांना ‘वावरले’ म्हणायचं, तर मग ‘कामाला होते’ कशाला म्हणायचं?

दुसरी गोष्ट, साहित्य आणि चित्रपट यांच्यामधली जी भिंत आज आपण उभी करतो, ती त्या पिढीच्या घरात नव्हतीच. वि. स. खांडेकर मास्टर विनायकांसाठी कथा-पटकथा लिहीत होते. १९३६ चा ‘छाया’ त्यांचाच. ‘रणांगण’ लिहिणारे विश्राम बेडेकर चित्रपट दिग्दर्शित करत होते. गदिमा तर पटकथा, संवाद, गीतं आणि वेळ पडली तर भूमिका, असं सगळं एकाच बैठकीत करणारे. आणि अत्रे! पुलंनी ‘गुळाचा गणपती’ केला त्याच १९५३ मध्ये अत्र्यांनी ‘श्यामची आई’ केला आणि राष्ट्रपतींचं सुवर्णपदक आणलं. अत्र्यांच्या चित्रपटांना कुणी मुशाफिरी म्हणत नाही. पदक मिळालं की कारकीर्द, नाही मिळालं की मुशाफिरी, असा हा हिशेब आहे. तिकडे हंगेरीत बेला बालाझ हा कवी. बार्तोकच्या ऑपेराची संहिता त्याची, आणि पडद्यावर जवळून दिसणारा माणसाचा चेहरा ही एक नवी भाषा आहे, असं १९२४ मध्ये पुस्तक लिहून सांगणाराही तोच. त्याच्या देशात त्याची कविता आणि त्याचा सिनेमा वेगवेगळ्या कपाटांत ठेवत नाहीत. आपण ठेवतो, कारण आपल्या मनात अजूनही पुस्तक सोवळ्यात आणि सिनेमा ओवळ्यात.

आता ‘विटून बाहेर पडले’ याकडे. पुलंचं मन किती विटलं होतं, याचा थर्मामीटर माझ्याकडे नाही, तुमच्याकडेही नाही. पण बाहेर काय चाललं होतं, ते दिसतं. गांधीहत्येनंतर १९४८ मध्ये कोल्हापुरात भालजी पेंढारकरांचा स्टुडिओ जाळला गेला. पुण्यातली ‘प्रभात’ मोडकळीला आली आणि १९५३ च्या सुमारास बंद पडली. पुढे १९६० मध्ये तिच्याच जागेत फिल्म इन्स्टिट्यूट निघाली. पगारावर माणसं ठेवून, घरचं स्वयंपाकघर चालवावं तसा चित्रपट काढणारी सगळी व्यवस्थाच तेव्हा कोसळत होती. ज्या वर्षी पुलं बाहेर पडले म्हणतात, त्याच वर्षी मागे पुण्याच्या चित्रधंद्याचं दार मिटत होतं. यात एकट्याच्या वैतागाची गोष्ट शोधणं म्हणजे गिरणी बंद पडल्यावर कामगाराला नोकरीचा कंटाळा आला होता, असं म्हणण्यातला प्रकार.

आणि बाहेर पडून ते गेले कुठे? काही काळ बेळगावला राणी पार्वतीदेवी महाविद्यालयात शिकवायला, हे खरं. पण १९५५ मध्ये आकाशवाणी, म्हणजे मायक्रोफोन. नंतर दिल्ली, १९५९ मध्ये दूरदर्शन सुरू झालं तेव्हा तिथल्या पहिल्या निर्मात्यांत पुलं होते, नेहरूंची मुलाखत घेणारे पुलं होते. म्हणजे पुन्हा कॅमेरा. यंत्राच्या कलेचा खरोखरच वीट आलेला माणूस एका यंत्रापुढून उठून दुसऱ्यापुढे आणि दुसऱ्यावरून तिसऱ्यापुढे जाऊन बसेल का? मला तर उलटच दिसतं. चित्रपटानं पुलंना एक गोष्ट शिकवली होती: समोर प्रेक्षक नसताना प्रेक्षकाशी बोलायचं. ती विद्या घेऊनच ते रेडिओत गेले.

इथवर प्रतिपक्षाचा दोष एवढाच, की त्यानं कमी लेखलं. ‘सबकुछ पुलं’ या बिरुदाचा दोष वेगळा आहे. तिथे जास्त लेखलं, आणि जास्त लेखूनच बाजूला सारलं. कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन, नायक, सगळं एकाच माणसाचं, म्हणजे एक अजब प्रताप! प्रतापाला टाळी मिळते, समीक्षा मिळत नाही. चाप्लिननं हेच सगळं केलं तेव्हा आपण त्याच्या चित्रपटांबद्दल बोलतो. पुलंनी केलं तेव्हा त्यांच्या उरकाबद्दल बोलतो. भाबडा, दिवास्वप्नांत रमणारा, जगाला सहज फसणारा तो नायक मराठी पडद्यावर त्याआधी असा कुणी उभा केला होता का, हा प्रश्न विचारायचा राहूनच जातो.

शिवाय ‘सबकुछ’ हे खरंही नाही. ‘गुळाचा गणपती’तलं जे आजही महाराष्ट्राच्या कानात आहे, ते ‘इंद्रायणी काठी’. ते लिहिलं गदिमांनी. गायलं भीमसेन जोशींनी. पुलंची चाल. तीन माणसं लागली. पुलंच्या सगळ्या चित्रपटांचं असंच आहे. राम गबाले, राजा परांजपे, सुधीर फडके, गदिमा, हा गोतावळा होता. त्यात कुणी कुणाचं काम करून द्यायचं, कुणी कुणाच्या घरी बसून चाल लावायची. त्या गोतावळ्याला पुसून एकट्या पुलंची मूर्ती बसवायची, हा पुलंवरच अन्याय आहे. आयुष्यभर दुसऱ्याच्या गुणांचं कौतुक करत फिरलेल्या माणसाच्या नावावर आपण ‘सबकुछ’ची पाटी लावली.

या गाण्याचं पुढे काय झालं, ते आमच्याकडे येऊन बघा. मनमाडच्या आसपासच्या गावांत हरिनाम सप्ताह बसतो, काकडा होतो, संध्याकाळी हरिपाठ. भजनी मंडळांच्या वह्या असतात: पुठ्ठ्याला तेलाचे डाग, पानं सुटू नयेत म्हणून पाठीला शिवण, अक्षर दोन-तीन पिढ्यांचं. अशा वहीत ‘इंद्रायणी काठी’ तुकोबा आणि नामदेवांच्या अभंगांच्या मध्येच उतरवलेलं मी पाहिलं आहे. कवीचं नाव नाही, सिनेमाचं नाव नाही. म्हणणाऱ्याला ते संतांचंच वाटतं. आळंदीला ते अनेक वर्षं म्हटलं जातंय, मग दुसऱ्या कुणाचं असणार? चित्रपटासाठी केलेलं गाणं लोकांनी अभंग म्हणून ठेवून घेतलं. मराठी संगीतकाराच्या वाट्याला याहून मोठं काय येतं? आणि हे ज्या चित्रपटातून आलं, त्याला आपण ‘मन रमलं नाही’ म्हणून निकालात काढतो.

दुसरं उदाहरण याहून लहान, पण जास्त पसरलेलं. ‘नाच रे मोरा’. १९५३ चा ‘देवबाप्पा’, दिग्दर्शक राम गबाले, गीत गदिमांचं, आवाज आशा भोसल्यांचा, संगीत पु. ल. देशपांडे. अंगणवाडीतल्या ताई हे शिकवतात, जिल्हा परिषदेच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात पुठ्ठ्याची पिसं लावलेली पोरं त्यावर नाचतात. मनमाड हे रेल्वेचं गाव. पुलाचे गर्डर करणारा वर्कशॉप, अन्न महामंडळाची कोठारं, पानेवाडीचे तेलाचे डेपो, यांच्या नोकऱ्यांसाठी कुठून कुठून माणसं आली आणि राहिली. त्यांच्या घरात मराठी शाळेतून शिरली, आणि कित्येकदा पहिल्यांदा या गाण्याच्या रूपानं शिरली. ज्या घरात पुलंचं एकही पुस्तक नाही आणि पुढेही येण्याची शक्यता नाही, तिथे पुलंची चाल आहे. मग पुलंची सर्वांत दूरवर पोचलेली निर्मिती कोणती, हा प्रश्न प्रामाणिकपणे विचारा. उत्तर पुस्तकांच्या यादीत सापडणार नाही.

‘पण हे संगीत झालं, लेखनाचं काय?’ असं कुणी म्हणेल. लेखनाकडेच येतो. पंचवटी एक्सप्रेसच्या पासधारकांच्या डब्यात सकाळी कुणाच्या ना कुणाच्या मोबाइलवर ‘म्हैस’ लागलेली असते. शंभरदा ऐकलेली असते तरी लासलगाव ते निफाड ती वाजते. ती कशी रचली आहे, ते एकदा हसणं थांबवून ऐकावं. एसटी धावतेय. धक्का. गाडी थांबते. रस्त्यात म्हैस आडवी. त्यानंतर जागा बदलत नाही. एकेक माणूस येतो. बगूनाना, उस्मानशेट, झंप्या दामले, म्हशीचा मालक धर्मा मांडवकर. प्रत्येकाला चार ओळी, प्रत्येकाचा आवाज वेगळा. एकाचं वाक्य पुरं व्हायच्या आत दुसऱ्याचा चेहरा पुढे. निवेदक मधे येऊन ‘आणि मग तो म्हणाला’ असं सांगत बसत नाही. अखेरीला म्हैस उठून चालू लागते आणि सगळ्या पंचाईतीतली हवा जाते. हे लिहिलंय लेखकानं, पण रचलंय पटकथा लिहिणाऱ्यानं. एक जागा, ठरलेला प्रकाश, माणसांच्या ‘एन्ट्र्या’, आणि योग्य क्षणी ‘कट’.

याला उत्तर तयार आहे, की हे नाटकातून आलं. रांगणेकरांच्या ‘नाट्यनिकेतन’मध्ये पुलंनी कामं केली होती, गंधर्वांची नाटकं कोवळ्या वयापासून पाहिली होती. कबूल. पण ‘नाट्यनिकेतन’चे रांगणेकर आणि ‘कुबेर’चे रांगणेकर एकच होते, हे विसरू नका, तेव्हा दोन्ही दुकानांत एकच माणसं बसत. आणि नाटकात एका पात्रावरून दुसऱ्यावर जायला एक जण आत जावा लागतो, दुसरा बाहेर यावा लागतो. १९६१ पासून ‘बटाट्याची चाळ’चे प्रयोग सुरू झाले, तेव्हा रंगमंचावर पुलं एकटे. मान वळवली की माणूस बदलला. खांदा उतरला की वय बदललं. चेहऱ्याच्या एवढ्याशा हालचालीवर एवढा भरवसा टाकायला नुसती रंगभूमी शिकवत नाही. तिथे तर शेवटच्या रांगेसाठी सगळं मोठं करावं लागतं. भुवई उचलली तर ती दिसते, हा विश्वास मिळतो कॅमेऱ्यापुढे. हे माझं अनुमान आहे, दस्तऐवज नाही. पण प्रतिपक्षाकडे तरी कुठला दस्तऐवज आहे?

आता त्या जुन्या आरोपाकडे, की पुलं पांढरपेशांचे, सदाशिव पेठ आणि पार्ल्याच्या पलीकडे त्यांची नजर गेली नाही. पुस्तकांपुरता हा आरोप काही अंशी टिकतोही. मी त्यावर वाद घालणार नाही. पण हा आरोप करणारे पुस्तकंच मोजतात. ‘पुढचं पाऊल’मध्ये पुलं कोण होते? गावातून शहराकडे गेलेला लोककलावंत, तमाशाच्या मातीतला. आणि त्यानंतर चार दशकांनी, सत्तरी ओलांडल्यावर, पुलंनी पुन्हा पटकथा-संवाद लिहिले ते ‘एक होता विदूषक’चे. १९९२. दिग्दर्शक जब्बार पटेल, निर्मिती राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाची, गीतं ना. धों. महानोरांची, संगीत आनंद मोडकांचं. तमाशातल्या नाचणारणीचा मुलगा आबुराव सोंगाड्या होतो, सोंगाड्याचा सिनेमानट होतो, नटाचा राजकारण्यांच्या हातातला मोहरा होतो. सगळ्या महाराष्ट्राला हसवतो, आणि त्याची स्वतःची लेक मात्र हसत नाही.

या गोष्टीवर मी जरा रेंगाळणार आहे. विनोदावर ज्यानं आयुष्य काढलं, त्या लेखकाला उतारवयात विनोद कुठे थकतो, हसवणाऱ्याला सत्ता कशी वापरून घेते, हे सांगायचं होतं. हे सांगायला त्याच्याकडे नाटक होतं, एकपात्री होतं, पुस्तकाला तर प्रकाशक दारात उभे होते. त्यानं निवडला चित्रपट. आणि लक्ष्मीकांत बेर्डे हा तेव्हाचा सर्वांत धंदेवाईक विनोदी नट त्यात मध्यभागी आला, ही निवडही नीट बसली. कारण प्रेक्षकानं ज्या चेहऱ्याला हसायची सवय लावून घेतली होती, तोच चेहरा त्याला गप्प करणार होता. चित्रपटाला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, नृत्यदिग्दर्शनासाठी लक्ष्मीबाई कोल्हापूरकरांनाही मिळाला. तिकीट खिडकीवर मात्र गर्दी झाली नाही. पुलंच्या नावानं हसायला आलेला प्रेक्षक बहुधा गोंधळून परत गेला.

‘पुढचं पाऊल’चा कलावंत आणि ‘विदूषक’चा आबुराव यांच्यामध्ये बेचाळीस वर्षं आहेत. मन न रमलेला माणूस बेचाळीस वर्षं एक विषय मनात सांभाळून ठेवत नाही, आणि शेवटी जिथून तो उचलला होता त्याच माध्यमात परत आणून ठेवत नाही. ‘सिनेमा सुटला म्हणून पुलं हाती लागले’ हा पूर्वपक्ष मला उलटा वाटतो, तो या कारणानं.

म्हणून त्या वर्षांतलं सगळं सोनं होतं, असं मी म्हणणार नाही. त्या काळातल्या चित्रपटांत घाई दिसते, पैशाची टंचाई दिसते, काही विनोद आज पोचत नाहीत. ‘गुळाचा गणपती’ची बांधणीही मधे सैल पडते, दिग्दर्शक पुलंनी लेखक पुलंना आणखी कापायला हवं होतं. पण ही तक्रार चित्रपट बघून करायची तक्रार आहे. न बघता एका वाक्यात हातावेगळं करणं ही समीक्षा नव्हे.

तेव्हा वाचनालयांच्या आणि मंडळांच्या कार्यकर्त्यांना एवढीच विनंती: येत्या ८ नोव्हेंबरला कथाकथनाच्या जुन्या ध्वनिफिती थोड्या बाजूला ठेवा. दुपारी ‘गुळाचा गणपती’ लावा, रात्री ‘एक होता विदूषक’, आणि निवेदकाच्या कागदावरचं ते वाक्य आधीच खोडून ठेवा.